दूध उतू जातं तेव्हा

प्रश्न: दीड वर्षापूर्वी घोडबंदर रोडवर बाईकवरून पडून ह्यांच्या डोक्याला मार लागला. जखम भरली, पण जांभळी नाक्याच्या बाजारात पाच मिनिटांत चिडतात, गॅसवर दूध ठेवून विसरतात. सासूबाई म्हणतात, ‘दिसतो तर ठणठणीत!’
– एक वाचक, ठाणे

उत्तर: ताई, माझंही डोकं असंच आपटलं होतं. हे नाटक नव्हे. कपाळामागचा मेंदू दुखावला की राग आवरत नाही, आणि गोंगाटात तो लवकर थकतो. मी भाजीला सकाळी सातलाच जाते. दूध ठेवलं की मोबाइलवर गजर, वर ओट्यापाशीच उभी. कारण एकदा गजर वाजला आणि तो कशाचा तेच आठवेना! दुपारी त्यांना अर्धा तास शांत पडू द्या. चिडणं वाढलं तर न्यूरोलॉजिस्टला दाखवाच, सोबत सासूबाईंनाही न्या.