सात विजय, पाच पराभव आणि तरीही अंतिम सामना: कॉन्फरन्सची पात्रता कशी ठरते?

आपण विचारले आहे की, डिसेंबर २०२५ मध्ये अमेरिकन पद्धतीच्या कॉलेज फुटबॉलमधील अटलांटिक कोस्ट कॉन्फरन्स या विद्यापीठ-समूहाच्या अंतिम सामन्यात व्हर्जिनियासमोर ड्यूकचा संघ कसा काय उभा राहिला. ड्यूकने हंगामातील १२ सामन्यांपैकी फक्त ७ जिंकले होते, तर त्याच कॉन्फरन्समधील मयामीने १० जिंकले होते. असे असताना मयामीला बाहेर ठेवण्याचा निर्णय नेमका कोणी घेतला, हा आपला प्रश्न आहे. मी अमेरिकेत राहायला आल्यापासून हा खेळ मनापासून पाहत आलो आहे आणि हे नियम समजून घ्यायला मलाही काही हंगाम लागले, म्हणून थोडे सविस्तर लिहितो. निर्णय कोणत्याही व्यक्तीने किंवा समितीने घेतला नाही. हंगाम सुरू होण्यापूर्वीच छापून तयार असलेल्या नियमांनी तो घेतला, आणि ते नियम एकेक करून लावून पाहिले तर ड्यूकखेरीज दुसरे नाव निघतच नाही.

पहिली गोष्ट अशी की, कॉन्फरन्सचा तक्ता आणि संघाची एकूण कामगिरी या दोन वेगळ्या बाबी आहेत. कॉन्फरन्स म्हणजे काही विद्यापीठांनी एकत्र येऊन चालवलेला स्पर्धा-समूह. एखादा संघ वर्षाला १२ सामने खेळतो, पण त्यांपैकी आठ किंवा नऊच सामने आपल्या समूहातील संघांशी असतात; उरलेले बाहेरच्यांशी. अंतिम सामन्यासाठी मोजले जातात ते फक्त समूहातील सामने. ड्यूकचे पाच पराभव आपल्याला खटकतात, परंतु त्यांतले तीन इलिनॉय, टुलेन आणि कनेटिकट या बाहेरच्या संघांकडून झालेले होते आणि तक्त्याच्या दृष्टीने ते झालेच नाहीत असे समजायचे. समूहात ड्यूक सहा जिंकून दोन हरला होता. याहून विलक्षण उदाहरण व्हर्जिनियाचे आहे. सप्टेंबरमध्ये नॉर्थ कॅरोलायना स्टेटने व्हर्जिनियाला ३५-३१ असे हरवले. हे दोन्ही संघ एकाच कॉन्फरन्सचे असूनही तो सामना कॉन्फरन्सच्या वेळापत्रकाबाहेर, दोघांनी आपसांत ठरवलेला होता, म्हणून तो तक्त्यात धरला गेला नाही आणि व्हर्जिनिया ७-१ (सात विजय, एक पराभव) अशा नोंदीसह पहिला आला. (१९९६ पासून कॉलेज फुटबॉलमध्ये जादा वेळेची पद्धत आल्यामुळे सामना अनिर्णित राहत नाही. त्यामुळे तक्त्यात विजय आणि पराभव एवढे दोनच रकाने असतात, क्रिकेटच्या लीगसारखे गुण नसतात.)

आता मूळ पेच पाहू. दुसऱ्या जागेसाठी ६-२ अशा नोंदीवर पाच संघ बरोबरीत आले: ड्यूक, मयामी, जॉर्जिया टेक, पिट्सबर्ग आणि टेक्सासमधील सदर्न मेथडिस्ट. शेवटच्या आठवड्यात सदर्न मेथडिस्ट कॅलिफोर्नियाकडून ३८-३५ असा हरला. तो जिंकला असता तर ७-१ होऊन सरळ अंतिम सामन्यात गेला असता आणि हा सगळा खल करावाच लागला नसता. बरोबरी झाली की कोणाच्याही मनात पहिला विचार येतो तो असा की, आपसांतल्या सामन्यांत कोण जिंकले ते पाहावे. नियमही तिथूनच सुरू होतो. पण दोनच संघ बरोबरीत असतील तेव्हा हा निकष सोपा असतो. पाच असतील तेव्हा तो लागू होण्यासाठी पाचही जण एकमेकांशी खेळलेले असावे लागतात, किंवा एकाने बाकी चौघांना हरवलेले असावे लागते. या पाच संघांच्या जोड्या होतात दहा, आणि प्रत्यक्षात सामने झाले होते चारच. सदर्न मेथडिस्टने मयामीला हरवले, मयामीने पिट्सबर्गला हरवले, पिट्सबर्गने जॉर्जिया टेकला हरवले आणि जॉर्जिया टेकने ड्यूकला हरवले. ही साखळी डोळ्यांसमोर आणली की ड्यूक तिच्या सर्वांत खालच्या टोकाला दिसतो, आणि तरीही तोच पुढे गेला. मला स्वतःला हे पचायला वेळ लागला, हे मोकळेपणाने सांगतो. परंतु साखळी म्हणजे क्रमवारी नव्हे. सदर्न मेथडिस्ट आणि ड्यूक एकमेकांसमोर आलेच नाहीत, तेव्हा त्यांच्यापैकी वरचढ कोण हे त्या चार सामन्यांवरून सिद्ध होत नाही, म्हणून पहिला निकष तिथेच बाद झाला.

दुसरा निकष समान प्रतिस्पर्ध्यांचा, म्हणजे बरोबरीतले सगळे संघ ज्यांच्याशी खेळले त्यांच्याविरुद्धची कामगिरी. शोधून पाहिले तर पाचही जण ज्याच्याशी खेळले असा एकच संघ सापडतो, सिराक्यूज. सिराक्यूजचा हंगाम फार वाईट गेला होता आणि त्याला या पाचही जणांनी हरवले होते. दुसरा निकषही रिकाम्या हाताने परत आला. समान प्रतिस्पर्धी तक्त्यात वरून खाली एकेक करून तपासण्याचा जो पुढचा टप्पा आहे, त्यातही सिराक्यूजशिवाय कोणी नसल्याने काही निघणार नव्हते.

मग येतो तो निकष ज्याने खरा निकाल लावला: आपण ज्या आठ संघांशी खेळलो, त्या सर्वांची मिळून कॉन्फरन्समधील कामगिरी किती चांगली होती. ड्यूकच्या आठ प्रतिस्पर्ध्यांनी मिळून ३२ सामने जिंकले आणि ३२ गमावले. मयामीच्या प्रतिस्पर्ध्यांची बेरीज २८ विजय आणि ३६ पराभव अशी होती, जॉर्जिया टेकच्या प्रतिस्पर्ध्यांचीही तेवढीच. पिट्सबर्ग आणि सदर्न मेथडिस्ट यांच्या वाट्याला आलेल्यांची २७ आणि ३७. व्हर्जिनियाशी खेळण्याचा प्रसंग या पाच जणांत फक्त ड्यूकवर आला होता, आणि त्यात ड्यूक हरला असला तरी व्हर्जिनियाचे ते सात विजय या बेरजेत ड्यूकच्याच बाजूने पडले. ज्याच्याकडून हरलो त्याच्याच यशामुळे पुढची वाट मोकळी व्हावी, हे वरवर पाहता अन्यायाचे वाटते. पण विचार असा आहे की सहा विजय पाचही जणांचे सारखेच आहेत, तेव्हा ते कोणी अधिक कठीण वाटेने मिळवले एवढेच तपासायचे उरते. माझ्या मते हा निकष अपुरा असला तरी अप्रामाणिक नाही. संघाने आपले वेळापत्रक स्वतः निवडलेले नसते ही त्याची उणीव आहे, आणि ती मोठी आहे.

हा गुंता पूर्वी इतका नव्हता. कॉन्फरन्सच्या अंतिम सामन्याची प्रथा वरच्या पातळीवर साउथईस्टर्न कॉन्फरन्सने सुरू केली. १९८७ मध्ये पेनसिल्व्हेनियातील एका खालच्या श्रेणीच्या कॉन्फरन्सच्या मागणीवरून असा नियम झाला होता की, ज्या कॉन्फरन्सकडे किमान बारा संघ आहेत आणि त्यांचे दोन विभाग केलेले आहेत, तिला विभागविजेत्यांमध्ये एक जादा सामना खेळवता येईल. अर्कान्सा आणि साउथ कॅरोलायना आल्यामुळे साउथईस्टर्नचे बारा संघ झाले, आणि १९९२ मध्ये बर्मिंगहॅमच्या लीजन फील्डवर अलाबामा आणि फ्लोरिडा यांचा पहिला अंतिम सामना झाला. २१-२१ अशी स्थिती असताना अलाबामाच्या अँटोनियो लँगमने फ्लोरिडाचा पास मध्येच झेलून थेट टचडाउन केला, म्हणजे चेंडू मैदानाच्या टोकाच्या पट्ट्यात नेऊन गुण मिळवले, आणि अलाबामा २८-२१ असा जिंकला. त्या एका सामन्याने मिळवून दिलेला पैसा आणि प्रसिद्धी पाहून बाकीच्या कॉन्फरन्सही त्या वाटेने गेल्या.

विभागांच्या पद्धतीत पात्रता समजायला सोपी होती: आपल्या विभागातील जवळजवळ सर्वांशी सामने होतात, त्यात पहिले या आणि अंतिम सामन्यात जा. दोष असा की दोन्ही विभाग सारख्या ताकदीचे असतीलच असे नाही. बिग टेनमध्ये २०१४ ते २०२३ या दहा वर्षांत पूर्व आणि पश्चिम असे विभाग होते, आणि दहाही वेळा पूर्वेचाच संघ जिंकला; म्हणजे कॉन्फरन्समधील दोन सर्वोत्तम संघ अनेकदा एकाच विभागात अडकलेले असत आणि त्यांच्यापैकी एक घरी बसे. नियमभंगाबद्दलच्या कारवाईमुळे अपात्र ठरलेल्या संघांचाही प्रश्न येई. २०१२ मध्ये विस्कॉन्सिन आपल्या विभागात तिसरा होता, कॉन्फरन्समध्ये ४-४ एवढीच त्याची नोंद होती, पण वरचे दोन्ही संघ, ओहायो स्टेट आणि पेन स्टेट, अपात्र असल्याने विस्कॉन्सिन अंतिम सामन्यात गेला आणि त्याने नेब्रास्काचा ७०-३१ असा धुव्वा उडवला.

विभाग मोडण्याकडे पहिले पाऊल बिग ट्वेल्व्हने टाकले आणि त्यामागे एक जखम होती. २०११ पासून तिथे दहाच संघ उरले होते, त्यामुळे अंतिम सामना घेता येत नव्हता. २०१४ मध्ये बेलर आणि टेक्सास ख्रिश्चन हे दोघे ८-१ वर राहिले. बेलरने त्याच हंगामात टेक्सास ख्रिश्चनला ६१-५८ असे हरवलेले होते, तरीही दोघांना संयुक्त विजेते घोषित करण्यात आले, आणि राष्ट्रीय पातळीवरच्या पहिल्या चार संघांच्या प्लेऑफमध्ये दोघांपैकी एकालाही जागा मिळाली नाही. ती जागा आपला अंतिम सामना ५९-० असा जिंकून आलेल्या ओहायो स्टेटला गेली. त्यानंतर २०१६ मध्ये बारा संघांची अट शिथिल झाली आणि २०१७ पासून बिग ट्वेल्व्हने पहिल्या दोन क्रमांकांच्या संघांत अंतिम सामना पुन्हा सुरू केला. मे २०२२ मध्ये विभागांची सक्ती पूर्णपणे उठली. त्याच हंगामात पॅक-ट्वेल्व्हने, २०२३ मध्ये अटलांटिक कोस्टने, आणि २०२४ मध्ये साउथईस्टर्न व बिग टेनने विभाग बंद केले. २०२५ च्या हंगामापर्यंत विभाग टिकवून ठेवलेली मोठ्या श्रेणीतील कॉन्फरन्स म्हणजे सन बेल्ट.

सर्वोत्तम दोघांना भिडवण्याचा हेतू चांगलाच होता, पण विभाग गेले आणि त्याच सुमारास कॉन्फरन्स फुगत गेल्या. साउथईस्टर्नमध्ये आता १६ संघ आहेत, बिग टेनमध्ये १८. आठ-नऊ सामन्यांत निम्म्या संघांशी गाठच पडत नाही, म्हणून बरोबरी ही अपवादाची गोष्ट राहिलेली नाही. २०२४ मध्ये बिग ट्वेल्व्हमध्ये चार संघ ७-२ वर होते. त्यांतून ॲरिझोना स्टेट आणि आयोवा स्टेट निघाले. २०२५ मध्ये साउथईस्टर्नमध्येही चार संघ ७-१ वर होते आणि जॉर्जिया व अलाबामा पुढे गेले. उलट त्याच वर्षी बिग टेनमध्ये इंडियाना आणि ओहायो स्टेट दोघेही ९-० होते, तिथे नियमपुस्तिका उघडावीच लागली नाही.

आपण क्रिकेट पाहता, म्हणून आपल्या मनात येईल की आयपीएलसारखा नेट रनरेटचा हिशेब इथे का नाही. कॉलेज फुटबॉलमध्ये सामन्यांतील गुणांचा फरक हा निकष यादीत जाणूनबुजून फार खाली ठेवलेला आहे, कारण तो वर आणला तर बलाढ्य संघ दुबळ्या संघाला शेवटच्या मिनिटापर्यंत तुडवत राहतील. साउथईस्टर्नच्या नियमांत तो आहे, पण प्रतिस्पर्ध्यांच्या एकत्रित कामगिरीनंतर, तोही कमाल मर्यादा घालून. त्यानेही न सुटल्यास चिठ्ठ्या टाकायच्या. संगणकीय मानांकनाचा आधार काही कॉन्फरन्स शेवटच्या टप्प्यांत घेतात. बाहेरच्या क्रमवारीवर विसंबण्याचा अनुभव मात्र कडू आहे. २००८ मध्ये बिग ट्वेल्व्हच्या दक्षिण विभागात टेक्सासने ओक्लाहोमाला, टेक्सास टेकने टेक्सासला आणि ओक्लाहोमाने टेक्सास टेकला हरवले आणि तिघे ७-१ वर थांबले. तेव्हाच्या नियमाप्रमाणे मतदान आणि संगणक यांची बेरीज असलेल्या राष्ट्रीय क्रमवारीवर सोपवण्यात आले, आणि ओक्लाहोमा किंचित पुढे निघाला. टेक्सासने त्याला तटस्थ मैदानावर ४५-३५ असे हरवलेले होते. टेक्सासच्या लोकांपाशी हा विषय आजही जपून काढावा लागतो.

आता मयामीविषयी, कारण आपला खरा रोख तिकडे आहे. कॉन्फरन्सच्या अंतिम सामन्यात नसणे म्हणजे हंगाम संपणे नव्हे. २०२५ च्या हंगामात बारा संघांच्या राष्ट्रीय प्लेऑफमध्ये क्रमवारीतील सर्वोच्च पाच कॉन्फरन्सविजेत्यांना हमखास जागा होती आणि उरलेल्या जागा निवड समितीच्या क्रमवारीने भरल्या गेल्या. ड्यूकने शार्लटमध्ये व्हर्जिनियाला जादा वेळेत २७-२० असे हरवून १९८९ नंतरचे आपले पहिले विजेतेपद मिळवले, पण त्याची क्रमवारी खाली असल्याने पाच विजेत्यांत त्याचा क्रमांक लागला नाही. टुलेन आणि जेम्स मॅडिसन हे तुलनेने छोट्या कॉन्फरन्सचे विजेते त्याच्या पुढे निघाले. समितीच्या क्रमवारीने आत आलेली मयामी मात्र राष्ट्रीय अंतिम सामन्यापर्यंत पोहोचली आणि तिथे इंडियानाकडून २७-२१ अशी हरली. कॉन्फरन्सचे विजेतेपद आणि राष्ट्रीय क्रमवारी यांची मोजमापे वेगळी आहेत हे मान्य केले की दोन्ही निकाल एकत्र नांदू शकतात.

पुढील हंगाम पाहताना एक गोष्ट ध्यानात ठेवा. २०२६ पासून साउथईस्टर्न आणि अटलांटिक कोस्ट या दोन्ही कॉन्फरन्स आठऐवजी नऊ सामन्यांकडे वळत आहेत, त्यामुळे आपसांत न भेटलेल्या जोड्या थोड्या कमी होतील. परंतु अटलांटिक कोस्टमध्ये फुटबॉल खेळणारे संघ १७ आहेत, आणि सतरा संघांनी प्रत्येकी नऊ सामने खेळणे गणिताने जमत नाही, कारण प्रत्येक सामन्याला दोन संघ लागतात आणि सतरा गुणिले नऊ ही विषम संख्या आहे. म्हणून २०२६ या बदलाच्या वर्षी पाच संघ आणि २०२७ पासून दरवर्षी एक संघ आठच सामने खेळेल, असे ठरले आहे. तक्ता विजयांच्या टक्केवारीवर लागत असल्याने अशा संघाची ६-२ ही नोंद दुसऱ्याच्या ६-३ च्या वर आणि ७-२ च्या खाली येईल. तेव्हा नोव्हेंबरमध्ये तक्ता उघडल्यावर नुसते विजय मोजू नका; आधी आठच सामने कोणाच्या वाट्याला आहेत ते पाहून ठेवा.