कार्ड हातात, यादीत नाव नाही

प्रश्न : वकीलताई, माझ्या सासूबाई 71 वर्षांच्या. शिवाजी पेठेतलं भाड्याचं घर सोडून आम्ही फुलेवाडीला आलो. 2024 च्या विधानसभेला त्या जुन्याच केंद्रावर गेल्या. मतदार ओळखपत्र होतं, आधार होतं, तरी “यादीत नाव नाही” म्हणून परत पाठवलं. कार्ड असताना असं करता येतं का?
– एक सून, फुलेवाडी

उत्तर : करता येतं. लोकप्रतिनिधित्व अधिनियम 1951 चं कलम 62 तसं स्पष्ट सांगतं : यादीत नाव नाही, तर मत नाही. कार्डानं एवढंच कळतं की समोर उभी असलेली बाई तीच आहे. उलट यादीत नाव असेल आणि कार्ड घरी राहिलं, तर वाहन परवाना किंवा फोटोचं बँक पासबुकही चालतं.

अन्याय झाला असेल तर तो त्याआधी, नाव काढताना. मतदार याद्यांबद्दलच्या लोकप्रतिनिधित्व अधिनियम 1950 च्या कलम 22 नुसार, राहायला दुसरीकडे गेले म्हणून नाव वगळायचं तर आधी त्या मतदाराला म्हणणं मांडू द्यावं लागतं. जुन्या घरमालकांकडे नोटीस आली होती का, विचारा. भाडेकरूचा कागद बहुधा तिथंच पडून राहतो.

नावं अशी मोठ्या संख्येनंही जातात. 2025 मध्ये बिहारमध्ये मतदार यादीची फेरतपासणी झाली, तेव्हा मसुदा यादीतून सुमारे 65 लाख नावं गेली. सर्वोच्च न्यायालयानं 14 ऑगस्टला ती कारणांसह जाहीर करायला लावली. पुढं 8 सप्टेंबरला आधार ओळखीचा पुरावा म्हणून घ्यायला सांगितलं, नागरिकत्वाचा मात्र नाही. मला यातलं कारण जाहीर करणं सगळ्यांत मोलाचं वाटतं. दिवसभर राबणाऱ्या बाईला नाव का गेलं हेच कळलं नाही, तर तिनं दाद कशाविरुद्ध मागायची?

आता तुमचं. निवडणूक आयोगाच्या संकेतस्थळावर सासूबाईंचं नाव शोधा. जुन्या पत्त्यावर अजून असेल तर नमुना 8 हा अर्ज भरून पत्ता बदला. निघालंच असेल तर फुलेवाडीच्या पत्त्यावर नाव नोंदवायचा अर्ज, नमुना 6, भरा, आणि नाव का काढलं ते मतदार नोंदणी अधिकाऱ्यांना लेखी विचारा. त्यांच्या आदेशावर 15 दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांकडे अपील करता येतं. निवडणूक लागायची वाट बघू नका, कारण उमेदवारी अर्जाची शेवटची तारीख उलटली की त्या निवडणुकीपुरती यादी बंद होते. अर्जाची पोच तारखेसह घ्या.

सासूबाईंना सोबत न्या, सही त्यांची लागेल.