चित्रपट संकलनाच्या क्षेत्रात येऊ पाहणाऱ्या नवोदितासाठी

संकलक होऊ इच्छिणाऱ्याने पहिली काही वर्षे सहायक म्हणून काम करण्यात कमीपणा मानू नये, असे मला मनापासून वाटते. रशेस म्हणजे चित्रीकरणाची कच्ची दृश्ये तपासणे, ध्वनी आणि चित्र जुळवणे, प्रत्येक टेकची, म्हणजे एकाच शॉटच्या दरवेळच्या चित्रणाची, नीट नोंद करणे आणि मूळ सामग्रीच्या किमान 3 प्रती, त्यांतली एक वेगळ्या जागी, ठेवणे ही कामे कंटाळवाणी वाटली तरी त्यांतूनच शिस्त अंगी बाणते. चित्रपट सहसा सेकंदाला 24 फ्रेमचा, तर भारतासारख्या, पाल ही जुनी दूरचित्रवाणी पद्धत रूढ झालेल्या देशांतले प्रसारण सहसा 25 फ्रेमचे असते. ही गती काम सुरू करतानाच निश्चित करावी, कारण नंतर ती चूक निस्तरणे फार जिकिरीचे होते.

सॉफ्टवेअर काही महिन्यांत शिकता येते. कट कुठे द्यावा, म्हणजे एक शॉट कुठे तोडून दुसरा जोडावा, हे मात्र नटाचे डोळे, श्वास आणि बोलण्याआधीचा विराम पुन्हा पुन्हा पाहूनच उमगते. एका पात्राचा संवाद दुसऱ्याच्या चेहऱ्यावर चालू ठेवून पाहावा; बोलणाऱ्यापेक्षा ऐकणारा कितीदा तरी अधिक सांगून जातो, आणि हे मला स्वतःला फार उशिरा कळले. दिग्दर्शकाने सुचवलेला बदल पटला नसला, तरी तो आधी प्रामाणिकपणे करून दाखवावा आणि मगच आपले मत मांडावे.