वडिलांनंतर दुकान थोरल्या भावाचं की सगळ्यांचं?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: वडील 2014 मध्ये मृत्युपत्र न करता वारले. मागे आई, तुम्ही दोघे भाऊ आणि लग्न झालेली ताई. शेत वडिलोपार्जित, हार्डवेअरचं दुकान दादांच्या नावावर. दादा म्हणतात शेत वाटू, दुकान माझ्या कष्टाचं, आणि ताईने हक्कसोडपत्र द्यावं.

मी दिवाणी कोर्टात वकिली करतो. शेताचं उत्तर सोपं आहे: चौघांना प्रत्येकी पाव हिस्सा. वडील जाण्याच्या आदल्या क्षणी वाटप झालं असं धरून आईसकट पाच हिस्से पाडायचे, मग वडिलांचा पाचवा हिस्सा तुम्हा चौघांत वाटायचा. पेन घेऊन बसा, पावच येतो. जमीन वडिलांची स्वकष्टार्जित निघाली तरी पावच, त्यामुळे त्या वादात वर्षं घालवू नका. ताईचा हक्क हिंदू उत्तराधिकार कायद्याच्या 2005 च्या दुरुस्तीने आला आणि सर्वोच्च न्यायालयाच्या 2020 च्या निकालाने पक्का झाला. तिच्या लग्नाचा खर्च त्यातून वजा होत नाही. तिला मनापासून सोडायचं असेल तर गोष्ट वेगळी, पण दुकानाचा निकाल लागेपर्यंत तिने कशावरही सही करू नये.

भांडण खरं दुकानाचं आहे, आणि तिथे तुमची बाजू वाटते तेवढी भक्कम नाही. घर एकत्र आहे म्हणून एका भावाचा धंदाही एकत्र कुटुंबाचा, असं कोर्ट गृहीत धरत नाही. सर्वोच्च न्यायालयाने हे 1968 मध्येच सांगितलंय. धंदा एकत्र कुटुंबाचा, हे तुम्हालाच सिद्ध करावं लागेल. म्हणून 'आम्ही एका चुलीवर जेवायचो' हे सांगण्यापेक्षा पैसा कुठून आला ते शोधा. दुकान सुरू करताना शेतावर बोजा चढवून कर्ज काढलं होतं का? ते जुन्या फेरफारात आणि सातबाऱ्याच्या इतर हक्कांत दिसेल. पहिला शॉप अॅक्ट परवाना कुणाच्या नावाचा? दुकानाच्या गल्ल्यातून ताईचं लग्न, घराचा स्लॅब, आईचं औषधपाणी झालं का? कीर्द-खतावणीत अशा नोंदी सापडल्या तर त्या दहा साक्षीदारांना भारी पडतात. आणि भांडवल दादांचंच, नफाही त्यांच्याच खात्यात असं निघालं, तर दुकानाचा नाद सोडा.

तडजोड करायची असेल तर दादांना दुकान ठेवू द्या आणि बदल्यात तुम्ही रस्त्याकडची जमीन मागा. मात्र ते वाटपपत्र नोंदणीकृत हवं. तहसीलदारांकडचं, जमीन महसूल संहितेच्या कलम 85 चं वाटप शेतापुरतंच चालतं. हक्काचाच वाद असेल तर तेही तुम्हाला दिवाणी कोर्टात पाठवतील.

आणि हो, 'दुकानात तुझा काही संबंध नाही' असं दादा पहिल्यांदा कधी, कुणासमोर म्हणाले ते आजच लिहून ठेवा. एकत्र मिळकतीतून वगळल्याचं कळल्यापासून दाव्याची मुदत 12 वर्षं असते.