शागाल ‘आयुक्त’ होता का?

चित्रकार मार्क शागाल याच्या एका मराठी परिचयात ‘क्रांतीनंतर तो वितेब्स्कचा कला आयुक्त झाला’ असे वाक्य आहे (क्रांती म्हणजे १९१७ची रशियन क्रांती; वितेब्स्क आजच्या बेलारूसमध्ये आहे). तेथे ‘आयुक्त’ चालेल की सोव्हिएत अधिकाऱ्यासाठीचा ‘कमिसार’ हा मूळ शब्दच ठेवावा, असा प्रश्न आहे.

व्युत्पत्ती पाहिली तर ‘आयुक्त’मध्ये दोष नाही. तो ‘युज्’ धातूवरून आलेला, कामावर नेमलेला. आणि कमिसारच्या मुळाशी असलेला लॅटिन शब्दही काम सोपवलेल्या माणसाचाच आहे. परंतु आज ‘आयुक्त’ म्हटले की महापालिकेतला किंवा पोलीस खात्यातला, बदलीवर आलेला सनदी अधिकारी डोळ्यांपुढे उभा राहतो. शागाल त्याच गावचा, एकतीस वर्षांचा चित्रकार होता आणि सप्टेंबर १९१८मध्ये शिक्षणाचा लोककमिसार, म्हणजे खात्याचा प्रमुख, असलेल्या लुनाचार्स्कीच्या खात्याने प्रांतातील कलेचा कारभार त्याच्याकडे दिला.

त्याच्या नेमणुकीतला शब्द ‘उपल्नमोचेन्नी’ असा आहे. त्याच्या पोटातले ‘पोल्नी’ हे विशेषण आपल्या ‘पूर्ण’चे भावंड असून सबंध शब्दाचा अर्थ ‘पूर्ण अधिकार दिलेला’ असा होतो. मराठीत त्याला ‘मुखत्यार’ हा तयार शब्द आहे आणि मला तो फार नेमका वाटतो, कारण मुखत्यार जो अधिकार चालवतो तो दुसऱ्याचा असतो आणि दुसऱ्याच्या नावाने चालवायचा असतो. नोव्हेंबर १९१८मध्ये, क्रांतीच्या पहिल्या वाढदिवशी, गावातल्या पाट्या रंगवणाऱ्यांनी शागालची रेखाटने मोठ्या कापडांवर उतरवली. हिरव्या गाई आणि उडते घोडे रस्त्यांवर झळकले, आणि यांचा मार्क्स-लेनिनशी काय संबंध, असे स्थानिक कम्युनिस्टांनी विचारल्याचे त्याने आत्मचरित्रात लिहिले आहे. घोडा चित्रकाराने उडवला होता. जाब मुखत्याराला द्यावा लागला. पुढे त्याने काढलेल्या कलाशाळेत अमूर्त चित्रे काढणारा मालेविच आला, विद्यार्थी त्याच्याकडे वळले आणि १९२०मध्ये शागालने वितेब्स्क सोडले.

म्हणून नेमणूकपत्राचा उल्लेख असेल तेथे ‘कलाविषयक मुखत्यार’ लिहावे. एरवी ‘कमिसार’ ठेवावा, कारण तो स्वतःला तेच म्हणवत असे. ‘मंत्री’ मात्र लिहू नये. ती पायरी लुनाचार्स्कीची, आणि सोव्हिएत लोककमिसारांना मंत्री हे नाव १९४६मध्ये मिळाले. लेखनाविषयी म्हणायचे तर रशियनमध्ये आघात नसलेला ‘ओ’ ‘अ’च्या जवळ उच्चारला जातो, त्यामुळे ‘कोमिसार’पेक्षा ‘कमिसार’ बरा.