जॉन अब्राहम: चारच चित्रपट, तरी एवढं नाव का?

प्रश्न असा आहे: मल्याळममधल्या सामाजिक भान असलेल्या दिग्दर्शकांबद्दल वाचायला घेतलं की जॉन अब्राहम हे नाव हटकून येतं. (हिंदीतला नट नव्हे.) पण चित्रपट जेमतेम चार. मग एवढा दबदबा कशाचा, आणि बघायला सुरुवात कुठून करायची?

त्याचे चित्रपट चांगले आहेतच. पण केरळमध्ये त्याचं नाव अजून निघतं ते मुख्यतः एका गोष्टीसाठी: चित्रपटाला पैसा कोण देणार आणि मग तो चित्रपट कुणाचा, हा प्रश्न त्यानं नुसता विचारला नाही, तडीस नेला. इथपर्यंत तो कसा पोहोचला ते बघा.

जन्म १९३७ चा. एलआयसीतली नोकरी सोडून तो पुण्याला फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये आला. तिथे बंगाली दिग्दर्शक ऋत्विक घटक शिकवत होते. पुढे दिग्दर्शक झालेले मणि कौल, कुमार शहानी हेही घटकांचेच विद्यार्थी, पण घटकांमधली तळमळ आणि राजकीय धग मला जॉनमध्ये सगळ्यात जास्त दिसते. बाहेर पडल्यावर मणि कौल यांच्या 'उसकी रोटी'ला तो सहायक होता. १९७२ चा पहिला चित्रपट, 'विद्यार्थीकळे इतिले इतिले', मागे ठेवलात तरी चालेल.

खरा जॉन सुरू होतो १९७७ च्या 'अग्रहारत्तिल कळुदै'पासून. हा तमिळ आहे. कॉलेजातले एक ब्राह्मण प्राध्यापक आई मेलेलं गाढवाचं पिल्लू सांभाळतात आणि टिंगल व्हायला लागली म्हणून ते गावी, अग्रहारात (ब्राह्मणांच्या वस्तीत) नेऊन ठेवतात. एक मुकी मुलगी त्याची देखभाल करते. पुढे तिचं मृत जन्मलेलं मूल देवळासमोर सापडतं, खापर गाढवावर फुटतं आणि लोक त्याला मारून टाकतात. त्यानंतर गावात 'चमत्कार' व्हायला लागतात आणि तेच लोक त्या गाढवाला पुजायला निघतात. मारणारे आणि हात जोडणारे चेहरे तेच, हे कॅमेरा शांतपणे दाखवत राहतो, भाष्य कुठेच नाही. प्राध्यापकांच्या भूमिकेत संगीतकार एम. बी. श्रीनिवासन आहेत. चित्रपटाला सर्वोत्कृष्ट तमिळ चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि पुढे दूरदर्शनवर दाखवायचं ठरल्यावर विरोध होऊन प्रसारण रद्दही झालं.

१९७९ च्या 'चेरियाचंटे क्रूरकृत्यंगळ'मध्ये केरळातल्या कुट्टनाड भागातला एक जमीनदार शेतमजुरांवरचा पोलिसी अत्याचार बघतो आणि अपराधाच्या भावनेनं, पोलिसांच्या धास्तीनं हळूहळू भ्रमिष्ट होतो. या भूमिकेला जॉननं घेतलं अडूर भासींना, म्हणजे लोकांना हसवण्यासाठी प्रसिद्ध असलेल्या नटाला. धसका घेतलेला तो चेहरा बघताना हसू येत नाही, घशात आवंढा येतो.

आणि मग ओडेसा. १९८४ मध्ये कोळिक्कोडला मित्रांना घेऊन त्यानं ओडेसा नावाचा हा चित्रपट काढणारा गट उभा केला. नाव 'बॅटलशिप पोटेम्किन' या सोव्हिएत चित्रपटातल्या ओडेसा शहरावरून. निर्माता नको, वितरक नको. गावोगाव ढोल वाजवत जायचं, पथनाट्यं करायची, 'लोकांचा सिनेमा' काढायचाय म्हणून जमतील तेवढे पैसे मागायचे. त्या पैशांतून १९८६ ला 'अम्मा अरियान' झाला आणि थिएटरच्या धंद्यात न पडता पुन्हा लोकांमध्येच दाखवला गेला.

कथाही त्याच पद्धतीची आहे, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. पुरुषन दिल्लीला निघालेला असतो, वायनाडमध्ये त्याला एक मृतदेह दिसतो. तो हरी नावाच्या तबलावादकाचा निघतो. त्याच्या आईला कळवायला हवं म्हणून पुरुषन कोचीकडे निघतो. वाटेत हरीला ओळखणारा एकेक जण सामील होतो, घराघरातली आई मुलाला निरोप देते, आणि एका माणसाचा प्रवास बघता बघता जथ्थ्याचा होतो. मध्येच विद्यार्थ्यांचं आंदोलन येतं, खाणकामगार येतात. वर्गणीही अशीच माणसामागून माणूस जोडत जमली होती. छायाचित्रणासाठी वेणू यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, त्यात या कृष्णधवल चित्रपटाचा वाटा होता. संकलन बीना पॉल यांचं.

पुढच्याच वर्षी, ३१ मे १९८७ ला, कोळिक्कोडमध्ये इमारतीवरून पडून जॉन गेला. वय पन्नाशीच्या आत. त्याच्या दारूचे आणि भटकंतीचे किस्से तुम्हाला ढीगभर सापडतील. मला त्यांचा राग येतो, कारण त्या किश्शांत ओडेसासाठी गावं पालथी घालणारा चिवट माणूस पार झाकून जातो.

बघायचा क्रम: आधी 'कळुदै', गोष्ट सरळ आहे, पकड घेते. मग 'चेरियाचन'. 'अम्मा अरियान' शेवटी, आणि शक्यतो चार जणांनी मिळून. लय संथ आहे, पहिली वीस मिनिटं नेट धरा. त्या काळाचं राजकीय वातावरण समजून घ्यायचं असेल तर पी. ए. बॅकर यांचा 'कबनी नदी चुवन्नप्पोळ' (१९७५) जोडीला घ्या. त्यातला नायक टी. व्ही. चंद्रन, जे नंतर स्वतः दिग्दर्शक झाले. त्यांच्याबद्दल विचारायचं असेल तर वेगळा प्रश्न टाका, तिथे सविस्तर लिहितो.