काळाचा अभ्यास करणारा काल्पनिक विद्वत्संघ खरा वाटावा म्हणून काय करावं?

तुमचा प्रश्न असा आहे: कादंबरीत काळाच्या गूढ स्वरूपाचा अभ्यास करणारा विद्वानांचा एक संघ आहे, पण लिहायला बसलं की तो झगे घालून कोड्यात बोलणाऱ्या म्हाताऱ्यांचा घोळका होतो. त्याला वजन कसं आणायचं?

मी म्हणेन, त्यांना आधी काम द्या, गूढ मागून आपोआप येईल. काळ मोजायला घेतला की हिशेबात काहीतरी उरतंच, आणि त्या उरलेल्या तुकड्याचं करायचं काय, हा प्रश्न माणसाला धर्माकडे, तत्त्वज्ञानाकडे आणि सत्तेकडे एकदमच नेतो. तुमचा संघ या शिल्लक काळाचा राखणदार असू द्या.

हे मी हवेत बोलत नाही. चांद्रवर्ष सुमारे 354 दिवसांचं, सौरवर्ष 365 दिवसांचं. दरवर्षी अकरा दिवसांचा फरक साठत जातो, म्हणून साधारण 32-33 महिन्यांनी पंचांगात अधिक मास येतो. त्यात लग्न-मुंजी करत नाहीत, व्रत आणि दान मात्र आवर्जून करतात. हिशेबातून उपजलेल्या महिन्याला स्वतंत्र स्वभाव मिळाला! प्राचीन इजिप्तमध्ये 30 दिवसांचे बारा महिने धरल्यावर पाच दिवस उरत. ग्रीक लेखक प्लूटार्कने दिलेल्या कथेत आकाशदेवी नूटला वर्षाच्या कुठल्याच दिवशी प्रसूत होता येत नाही. मग थोथ हा देव चंद्राबरोबर खेळात डाव लावून प्रकाशाचा थोडा वाटा जिंकतो, त्याचे पाच दिवस करतो आणि त्या दिवसांत ओसायरिस हा देव आणि त्याची भावंडं जन्मतात. मेक्सिकोतले ॲझ्टेक लोक आपले उरलेले पाच दिवस अशुभ मानून कामं टाळत.

आधुनिक काळातही हे सुटलेलं नाही. 1582 साली नवी ग्रेगोरियन दिनदर्शिका लगेच स्वीकारणाऱ्या देशांत 4 ऑक्टोबरनंतर थेट 15 ऑक्टोबर उजाडला. 1972 ते 2016 या काळात अणुघड्याळं आणि पृथ्वीचं फिरणं यांचा मेळ राहावा म्हणून जगाच्या प्रमाणवेळेत 27 लीप सेकंद, म्हणजे जादा सेकंद, घालावे लागले. ही पद्धत 2035 पर्यंत बदलायची, असं 2022 मध्ये आंतरराष्ट्रीय परिषदेत ठरलं.

आता तुमच्या राज्यात या. दहा दिवस गाळले, तर त्या दिवसांचं व्याज कोणी भरायचं? गाळलेल्या तारखेला सुटणारा कैदी कधी सुटणार? याचा निवाडा संघ करत असेल, तर राजालाही त्यांच्या दारात यावं लागेल. जादूपेक्षा हा अधिकार मला कितीतरी जास्त भीतिदायक वाटतो.

दुसरी गोष्ट, संघात एकमत नको. काळ म्हणजे काय यावर खरे विचारवंत कडाडून भांडले आहेत. वैशेषिक या प्राचीन भारतीय दर्शनाच्या मते काळ हे नित्य आणि सर्वव्यापी द्रव्य आहे. बौद्ध तत्त्वज्ञ नागार्जुनाने विचारलं, वर्तमान आणि भविष्य जर भूतकाळावर अवलंबून असतील, तर ते भूतकाळातच असायला नकोत का? आणि तिथून त्याने काळाचं स्वतंत्र अस्तित्वच काढून घेतलं. ख्रिस्ती विचारवंत ऑगस्टीनने काळ मनात शोधला: भूत म्हणजे स्मृती, वर्तमान म्हणजे अवधान, भविष्य म्हणजे अपेक्षा. मला सगळ्यांत भावतो तो व्याकरणकार भर्तृहरी. त्याच्या ‘वाक्यपदीया’त काळ ही एक शक्ती आहे. ती काही गोष्टींना होऊ देते, काहींना अडवून धरते, आणि त्यातूनच आधी-नंतर असा क्रम निर्माण होतो. सगळं एकदम का घडत नाही, या प्रश्नाला दिलेलं इतकं देखणं उत्तर मी दुसरीकडे वाचलेलं नाही. तुमच्या संघात यातले दोन पंथ एकाच छताखाली राहू द्या, आणि गाळलेले दिवस ‘होते’ की ‘नव्हते’ यावर त्यांना भांडू द्या.

रोजच्या कामासाठी घटिकापात्र घ्या. बुडाशी बारीक भोक असलेली वाटी पाण्यावर सोडायची. ती भरून बुडाली की एक घटका, म्हणजे 24 मिनिटं झाली. रात्रभर कोणीतरी जागं राहून ती पुन्हापुन्हा सोडायला हवी. नवशिक्यांची दीक्षा इथूनच सुरू करा. गार पाणी घट्ट होऊन सावकाश आत येतं, त्यामुळे हिवाळ्यातली घटका लांबते, हे एखाद्या चौकस मुलीच्या लक्षात येऊ द्या. काळ लांबला की पाणी मंदावलं? हा प्रश्न तिने विचारला की तुमची कादंबरी सुरू झाली.

काळप्रवास शक्यतो टाळा. त्याच्या आधाराने कथेतली कुठलीही चूक पुसता येते, आणि मग वाचकाला कशाचीच धास्ती उरत नाही.

पहिलं प्रकरण लिहिण्याआधी कागद-पेन्सिल घेऊन आकडे पक्के करा. समजा, तुमच्या जगात वर्ष 400 दिवसांचं आणि चांद्रमास 27 दिवसांचा आहे. 14 महिन्यांचे 378 दिवस, म्हणजे दरवर्षी 22 उरतात. 27 वर्षांत त्याचे बरोबर 22 जादा महिने होतात आणि चंद्र-सूर्य पुन्हा जुळतात. वयाच्या पंधराव्या वर्षी आलेला शिष्य हा महायोग आयुष्यात दोनदा, फार तर तीनदा पाहील. आता वर्ष 400 दिवस आणि वर पाव दिवस असं धरा. मग प्रत्येक महायोग पावणेसात दिवसांनी चुकतो. वरिष्ठांना हे पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक आहे, उत्सव मात्र जुन्याच तारखेला होतो. वाटीजवळ जागणाऱ्या त्या मुलीला हा फरक स्वतःच्या मोजणीत सापडू द्या.